‘कंबरदुखी दिसली की एम५४.५० टाका’ या सल्ल्याचं काय करायचं?

मेडिकल कोडिंग (डॉक्टरांनी लिहिलेल्या निदानाला विम्याच्या क्लेमसाठी, म्हणजे पैशांच्या मागणीसाठी, ठरावीक कोड देणं) शिकणाऱ्यांमध्ये एक संदेश सारखा फिरत असतो. मजकूर साधारण असा: “अमेरिकन क्लेममध्ये एम५४.५ बंद झाला. आता कंबरदुखी दिसली की एम५४.५० टाका. पायात कळ जात असेल तर सायटिकाचा कोड जोडा. तीन महिन्यांहून जुनं दुखणं असेल तर क्रॉनिक पेनचा जोडा. एमआरआयमध्ये डिस्क आली तर तिचाही जोडा. कोड जितके जास्त, तितका क्लेम पक्का.”

यातलं पहिलं वाक्य बरोबर आहे. घोळ त्याच्यापुढे सुरू होतो.

“आता सगळीकडे एम५४.५०”

१ ऑक्टोबर २०२१ पासून अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या निदानांच्या कोडयादीत एम५४.५ या कोडचे तीन कोड झाले. एम५४.५० म्हणजे प्रकार न सांगितलेली कंबरदुखी, एम५४.५१ म्हणजे व्हर्टिब्रोजेनिक, म्हणजे मणक्याच्या एंडप्लेटमधून (मणका आणि डिस्क यांच्यामधल्या थरातून) येणारी, आणि एम५४.५९ म्हणजे इतर. ‘प्रकार न सांगितलेली’ आणि ‘इतर’ यांत नवखे हमखास गोंधळतात. डॉक्टरांनी प्रकार लिहिलाच नसेल तर ५०. प्रकार लिहिला आहे, पण त्याला स्वतंत्र कोड नाही, तर ५९.

एम५४.५१ साठी ‘व्हर्टिब्रोजेनिक’ किंवा एंडप्लेटचं दुखणं असं निदान डॉक्टरांच्या नोटमध्ये हवं. एमआरआयच्या रिपोर्टमध्ये मोडिक टाइप १ किंवा २ बदल (एंडप्लेटजवळच्या हाडातले बदल) दिसले, म्हणून कोडरने स्वतःच हा कोड लावायचा नसतो. बेसिव्हर्टिब्रल नर्व्ह अब्लेशनच्या (मणक्यातली नस उष्णतेने निकामी करण्याची प्रक्रिया, तिचा कोड ६४६२८) क्लेममध्ये तर याच कोडवर सगळं अवलंबून असतं, त्यामुळे तिथे हा मोह जास्त होतो.

उलट बाजूने, ‘अनस्पेसिफाइड (प्रकार न सांगितलेला) कोड म्हणजे डिनायल (क्लेम नामंजूर)’ ही भीतीही फुकटची आहे. त्या भेटीत जेवढं ठाऊक आहे तेवढंच कोड करा, असं अधिकृत गाइडलाइन्स सांगतात. पहिल्याच भेटीत कारण कळलेलं नसेल तर एम५४.५० हाच प्रामाणिक कोड. ओपीडीच्या नोटमध्ये ‘डिस्क प्रोलॅप्सची शंका’ (मणक्यांमधली गादी सरकल्याची शंका) किंवा ‘रूल आउट’ (तसं नाही ना, ते तपासा) लिहिलं असेल तर डिस्कचा कोड लागत नाही, लक्षणाचाच लागतो.

“पायात कळ, म्हणून सायटिका जोडा”

सर्वांत जास्त चुका इथेच होतात. कंबरदुखी आणि सायटिका (कमरेतून पायात जाणाऱ्या नसेचं दुखणं) दोन्ही असतील तर एम५४.५० आणि एम५४.३१ (उजवीकडची सायटिका) अशी जोडी लावायची नसते. त्या दोहोंसाठी मिळून एकच कोड आहे: उजवीकडे एम५४.४१, डावीकडे एम५४.४२. दोन्ही बाजूंसाठी वेगळा कोड नाही, म्हणून तेव्हा हे दोन्ही लिहायचे. बाजूच नोंदलेली नसेल तर एम५४.४०.

आणि या सगळ्याचं मूळ डिस्क आहे असं डॉक्टरांनी लिहिलं, तर एम५४.४ हा गटच बाद होतो. कमरेच्या भागासाठी एम५१.१६ आणि लंबोसॅक्रल (कंबर जिथे त्रिकास्थीला मिळते त्या) भागासाठी एम५१.१७ येतो, दुखण्यासकट. या कोडना डावं-उजवं नाही. ते शोधत बसू नका.

‘उजव्या पायात दुखतं’ एवढंच लिहिलेलं असेल तर ती सायटिका नव्हे. पायाच्या दुखण्याला एम७९.६०४ आहे. सायटिका हे निदान आहे आणि ते करण्याचं काम डॉक्टरांचं.

“एमआरआयमध्ये डिस्क आली तर जोडा”

एम५४.५ खाली एक्सक्लूड्स १ ची (सोबत लावायचे नाहीत अशा कोडांची) टीप आहे, ती एकदा नीट वाचा. कमरेचा स्ट्रेन, म्हणजे स्नायू ताणला जाणं (एस३९.०१२), डिस्क सरकल्यामुळे होणारी कंबरदुखी (एम५१.२) आणि सायटिकासह कंबरदुखी (एम५४.४) ही तिन्ही तिथे आहेत. म्हणजे सरकलेल्या डिस्कमुळेच कंबर दुखत असताना एम५१.२६ सोबत एम५४.५० लावला, तर क्लेम ‘पक्का’ होत नाही, एडिटमध्ये (क्लेमच्या आपोआप होणाऱ्या तपासणीत) अडकतो.

डिस्कची झीज असेल तर १ ऑक्टोबर २०२४ पासून एम५१.३६ ला सहावा अंक लागतो. फक्त डिस्कजन्य कंबरदुखी असेल तर एम५१.३६०, फक्त पायाचं दुखणं असेल तर ३६१, दोन्ही असतील तर ३६२, दुखण्याचा उल्लेखच नसेल तर ३६९. जुन्या चीटशीटमधला पाच अक्षरांचा कोड आता अपुरा म्हणून परत येतो. दुखणं कोडमध्येच आलं, त्यामुळे वेगळा एम५४.५० नको. झीज अनेकांच्या एमआरआयमध्ये दिसते आणि त्यांतल्या कित्येकांना काहीच दुखत नसतं. झिजेचा आणि दुखण्याचा संबंध डॉक्टरांनी जोडलेला असायला हवा तो यासाठी.

“तीन महिने झाले की क्रॉनिक”

असा आकडा कोडिंगच्या गाइडलाइन्समध्ये नाही. दुखणं कधी क्रॉनिक होतं याची कालमर्यादा ठरवलेली नाही आणि डॉक्टरांची नोंद पाहा, असं तिथे स्पष्ट लिहिलं आहे. डॉक्टरांनी ‘क्रॉनिक’ लिहिलं असेल तर एम५४.५० सोबत जी८९.२९ (इतर क्रॉनिक पेन) चालतो, कारण एम५४.५० जागा सांगतो, जुनेपणा सांगत नाही. भेट मुख्यतः वेदना आटोक्यात आणण्यासाठी असेल तर जी८९ आधी, नाहीतर नंतर. मूळ कारण ठाऊक असून उपचारही त्यावरच चालू असतील तर जी८९ लावायचाच नाही. जी८९.४, म्हणजे क्रॉनिक पेन सिंड्रोम, हे वेगळंच निदान. नुसत्या ‘क्रॉनिक पेन’वरून तो लावू नये.

“कोड जास्त, क्लेम पक्का”

सीएमएस-१५०० या क्लेमच्या फॉर्मवर १२ निदानं मावतात, पण प्रत्येक सेवेच्या ओळीला जास्तीत जास्त चारच जोडता येतात. ती सेवा का लागली हे त्या जोडणीतून दिसतं. बाकीची निदानं नुसती रांगेत उभी राहतात.

संदेशात जड वस्तू उचलताना भरलेल्या कमरेचा उल्लेखच नाही. डॉक्टरांनी स्ट्रेन लिहिला असेल तर एस३९.०१२ आणि सातवं अक्षर. ‘ए’ म्हणजे पहिली भेट नव्हे, सक्रिय उपचार चालू असणं. दुखापत भरत असतानाच्या नेहमीच्या देखभालीला ‘डी’ आणि मागे राहिलेल्या परिणामाला ‘एस’. सातवं अक्षर राहिलं तर कोड अपुरा ठरतो.

नोट अपुरी असेल तर डॉक्टरांना क्वेरी (खुलाशासाठी प्रश्न) पाठवा, पण ‘सायटिका लिहाल का?’ असं विचारू नका. पायातल्या दुखण्याचं निदान आणि बाजू नोंदवावी, एवढंच विचारा.