मामा आले!

नेटवर्किंग हा शब्द आमच्या घरात बायकोने आणला. मी आयुष्यभर लोकांच्या भिंती ठोकत आलोय, म्हणजे स्ट्रक्चरल ऑडिट करतो, छोट्या हातोडीने कॉलमवर टकटक करायची, टणटण वाजलं तर ठीक, भद्द वाजलं की समजायचं आतनं पोकळ झालंय. पण माणसांवर टकटक कशी करायची ते मला अजून कळलेलं नाही. लग्नाला गेलो की सगळे नवरानवरीकडे बघत असतात आणि मी पंगतीत बसून मंगल कार्यालयाच्या स्लॅबला किती पोट आलंय ते बघत असतो. एकदा व्याह्यांना सांगितलंही होतं, तेव्हापासून ते माझ्याशी जपून बोलतात.

तर झालं असं की मी नोकरी सोडून स्वतःचं ऑफिस टाकलं आणि आठ महिन्यांत तीन कामं मिळाली, त्यातलं एक सासुरवाडीच्या वाड्याचं, म्हणजे फी म्हणून दोन किलो हापूस आणि 'जावईबापू किती हुशार' एवढंच. बायकोने मग कुठलंतरी रील बघितलं, त्यात कोट घातलेला एक माणूस सांगत होता की अनोळखी माणसाला लिफ्टमध्ये गाठून तीस सेकंदांत स्वतःबद्दल सगळं सांगता आलं पाहिजे. झालं. पाचशे कार्डं छापून आली. साडेतीनशे जीएसएमचा जाड कागद, मॅट फिनिश, पुढे नाव, मागे क्यूआर कोड. क्यूआर कसला असं प्रिंटिंगवाल्याने विचारलं, मी म्हटलं जो असतो तो, त्याने पेमेंटचा टाकला. पुढे त्याने जो घोळ झाला तो सांगतोच.

भाचा पुण्यात सिव्हिलच्या शेवटच्या वर्षाला आहे, कर्वेनगरात चार पोरं मिळून फ्लॅट घेऊन राहतात. त्याचा फोन आला, मामा, शनिवारी आमची फेअरवेल पार्टी आहे गच्चीवर, तू ये, आमच्या वर्गातल्या एकाचे बाबा बिल्डर आहेत, तीन सोसायट्यांचं रिडेव्हलपमेंट घेतलंय त्यांनी, ओळख करून देतो. आता रिडेव्हलपमेंट म्हटलं की बिल्डिंग खिळखिळी झालीये असं आधी कुणीतरी कागदावर सही करून द्यावं लागतं, आणि तो कुणीतरी म्हणजे मी. बायको म्हणाली जा. मी म्हटलं अगं कॉलेजच्या पोरांची पार्टी, मी एक्केचाळीस वर्षांचा माणूस. ती म्हणाली जा, आणि इस्त्रीचे कपडे घालून जा. पांढरा शर्ट आणि खाकी पँट काढून ठेवली तिने. पुण्यात या कॉम्बिनेशनचा काय अर्थ होतो ते दोघांच्याही डोक्यात आलं नाही.

लिफ्ट बंद होती. तीस सेकंदांचं भाषण पाठ करून आलो होतो आणि लिफ्टच बंद, जाऊ दे. चार मजले आणि वर गच्ची, जिना चढता चढता सवयीने बघत गेलो. दुसऱ्या मजल्याच्या लँडिंगला बीमचा खालचा गिलावा गेलेला, आतली सळई गंजून फुगलेली, तिच्यावरून कुणीतरी नेटवाल्याची वायर ओढून बांधलेली. बोट लावून बघितलं तर गंजाची खपली हातात आली, बिस्किटासारखी. ती मी खिशात ठेवली. का ठेवली विचारू नका, आमच्या धंद्यात ठेवतात.

गच्चीच्या दारात एक पोरगा उभा होता, कानात बाळी, हातात कागदी ग्लास. म्हणाला, कोण पाहिजे? मी म्हटलं मी मामा. म्हणजे मला म्हणायचं होतं की मी अमक्याचा मामा, पण डीजेचा आवाज इतका होता की पुढचं सगळं वाहून गेलं. त्याने माझा पांढरा शर्ट बघितला, खाकी पँट बघितली, आणि आत वळून जी आरोळी ठोकली, 'एऽऽऽ मामा आलेऽऽऽ!'

पुढच्या पाच सेकंदांत मी जे बघितलं ते मॉक ड्रिलमध्येसुद्धा होत नाही. गाणं बंद. लाइट बंद. दोघं पाण्याच्या टाकीमागे, एक टाकीवर. बाटल्या कुठे गेल्या ते शेवटपर्यंत कळलं नाही. कुणीतरी सिगारेट कुंडीत खुपसली, ती तुळशीची होती, मग त्यानेच घाईघाईत नमस्कार केला. आणि एक चष्मेवाला, अभ्यासू दिसणारा, हात जोडून पुढे आला, 'साहेब, दहा वाजायला अजून वीस मिनिटं आहेत, नियम आम्हाला माहितीये, दहा ते सहा बंद, आम्ही बंदच करणार होतो.'

मला आयुष्यात इतक्या लोकांनी एका वेळी इतक्या आदराने कधीच बघितलं नव्हतं. खोटं कशाला बोलू, दोन सेकंद मी गप्पच राहिलो.

मग भाचा धावत आला, 'अरे येड्यांनो, हा पोलीसमामा नाही, माझा मामा आहे, खरा मामा, आईचा भाऊ!' तेवढ्यात गच्चीभर जे हास्य झालं त्याच्यात माझ्या प्रोफेशनल इमेजचा जो काही गिलावा होता तो पडला. त्या क्षणापासून मी साठ जणांचा मामा. मामा मोमो घ्या, मामा बाजूला व्हा, मामा तुमचा फोन धरा ना टॉर्च लावून. माझं नाव कार्डावर बोल्डमध्ये होतं, ते कुणी वाचलंच नाही.

बिल्डरपुत्र सापडला. स्पीकरला टेकून उभा होता, अगदी टेकून. भाचा ओळख करून देऊन पळाला आणि मी त्याच्या कानाजवळ तोंड नेऊन पाठ केलेलं सुरू केलं.

'मी ऑडिट करतो!'

'ऑडी?'

'ऑडिट! ऑडिट!'

'कुठली? ए फोर?'

'नाही नाही, बिल्डिंगचं!'

'बिल्डिंगखाली लावलीये? भारी ओ मामा!' असं म्हणून त्याने मला मिठी मारली आणि लगेच शेजारच्याला सांगितलं. दहा मिनिटांत दोन पोरं कठड्यावरून वाकून खाली माझी ऑडी शोधत होती. खाली माझी अल्टो होती, मागच्या बंपरला दोरी बांधलेली. मला आधी ओशाळल्यासारखं झालं आणि मग लगेच भीती वाटायला लागली, कारण तो कठडा अर्ध्या विटेचा होता आणि वरचं कोपिंग, म्हणजे कठड्याच्या माथ्यावरचा थर, सुटलेलं, मी ओरडलो, 'कठड्याला टेकू नका!' तर त्यांना वाटलं मामाला गाडीची काळजी.

कार्डं वाटायची तर हातात द्यायची असतात, पण कुणाचाच हात मोकळा नव्हता, म्हणून मी खाण्याच्या टेबलावर गठ्ठा ठेवला. चूक. एका मुलीने माझं कार्ड उचललं, नीट न्याहाळलं, मला बरं वाटलं, मग तिने ते मधून हलकंसं दुमडलं आणि त्याने मेयोनीज उचलून मोमोवर घातलं. साडेतीनशे जीएसएम, वाकलं नाही जराही, क्वालिटी म्हणजे क्वालिटी. दोन कार्डं टेबलाच्या हलणाऱ्या पायाखाली गेली. आणि मग माझ्या खिशातला फोन थरथरला. तीनशे रुपये जमा. परत थरथरला, तीनशे. मी बघतोय हे कोण देवमाणूस, तर चष्मेवाला सगळ्यांना सांगत फिरत होता की ज्यांनी अजून कॉन्ट्रिब्युशन दिलं नाही त्यांनी टेबलावरचा क्यूआर स्कॅन करा. सात जणांनी केला. एकवीसशे रुपये. आठ महिन्यांतली माझी सगळ्यात फास्ट वसुली होती ती, आणि अर्ध्या तासात मला ती डीजेवाल्याला ट्रान्सफर करावी लागली.

इथपर्यंत मी सहन केलं असतं, कारण पार्टीत आपलं कुठे चुकतं ते मला माहितीये, मी माणसांकडे बघतच नाही, मी जमिनीकडे बघतो. आणि जमीन हलत होती.

शेवटचं गाणं म्हणून त्यांनी जे लावलं त्याला सगळे उडी मारायला लागले, एकाच कोपऱ्यात, स्पीकरसमोर, आणि सगळे एका तालात. मी बोटांवर हिशोब सुरू केला. साठ पोरं, सरासरी साठ किलो धरा, म्हणजे छत्तीसशे किलो, जागा जेमतेम पंधरा चौरस मीटर, म्हणजे मीटरला दोनशे चाळीस किलो. आपला बिल्डिंगवरच्या भारांचा जो कोड आहे, आयएस ८७५, त्यात लोक वापरतात अशा गच्चीला धरायचा भार मीटरला साधारण दीडशे. आणि हे उभं राहिलेल्या माणसाचं, उड्या मारणारा माणूस खाली येताना स्लॅबला दुप्पट-तिप्पट जड लागतो. आता कुणी म्हणेल की डिझाइनमध्ये फॅक्टर ऑफ सेफ्टी असतो, म्हणजे गरजेपेक्षा जास्त ताकद धरलेली असते, असतो ना, पण तो सळई जागेवर असेल तर, आणि त्या सळईची खपली माझ्या खिशात होती! शिवाय मला दक्षिण कोरियातलं सोल शहर आठवलं. २०११ मध्ये तिथली एक एकोणचाळीस मजली बिल्डिंग दहा मिनिटं हलली आणि अख्खी रिकामी करावी लागली, भूकंप नाही काही नाही, बाराव्या मजल्यावरच्या जिममध्ये सतरा माणसं गाण्यावर एका तालात व्यायाम करत होती असं नंतर तपासात सांगितलं. सतरा! आणि इथे साठ, आणि त्यांच्या पोटात मोमो.

मी आधी डीजेवाल्याला खुणेने सांगितलं. त्याला वाटलं फर्माईश आहे, त्याने आवाज वाढवला. मग मी पोरांना सांगितलं, पांगून नाचा. ऐकेल कोण. मग मला सुचलं. जुन्या बिल्डिंगांच्या गच्चीवर कॉलमच्या सळया वर सोडलेल्या असतात, पुढे कधीतरी मजला चढवू म्हणून, तो कधी चढत नाही, त्यांना सोसायटीवाले कपड्यांची दोरी बांधतात. एका खुंटापासून दुसऱ्या खुंटापर्यंत नजर टाकली की खाली बीम कुठून जातोय, म्हणजे स्लॅबला आधार कुठे आहे, ते कळतं. मी कोपऱ्यातला विटेचा तुकडा उचलला, खाली बसलो आणि इकडच्या खुंटापासून तिकडच्या खुंटापर्यंत गच्चीवर लाल रेघ ओढली. मग दुसरी. आणि उभा राहून जिवाच्या आकांताने ओरडलो, 'बीमवर नाचा रे! बीमवर नाचा!'

तेवढ्यात गाण्यात एक सेकंदाचा तो गॅप येतो ना, नेमका तो आला. सगळ्यांनी ऐकलं.

आणि काय सांगू, पोरं वेडी झाली. त्यांना वाटलं मामाने नवीन स्टेप काढली. कुणीतरी 'बीमवर! बीमवर!' सुरू केलं, डीजेवाल्याने त्याच्यावर बीट धरला, आणि साठच्या साठ पोरं दोन रेघांवर रांगेत नाचायला लागली, एक पाय पुढे एक पाय मागे, हात कमरेवर. सिव्हिलचीच पोरं ती, चार वर्षांत बीम म्हणजे काय ते पहिल्यांदा पायाखाली कळलं असणार. लोड असा सुंदर वाटला गेला होता की मला भरून आलं. बिल्डरपुत्राने मला खांद्यावर घ्यायचा प्रयत्न केला, मी नको म्हटलं, पॉइंट लोड येतो, सगळं वजन एकाच जागी.

सव्वादहा वाजले होते. गाणं अचानक बंद झालं आणि दारातून टॉर्चचा झोत आला, सरळ माझ्या तोंडावर. पायजमा, टीशर्ट, पायात एकच चप्पल. चेअरमन. साठ पोरं क्षणात कुठे विरघळली देव जाणे, आणि गच्चीच्या मधोमध मी, शर्ट बाहेर आलेला, हातात विटेचा तुकडा.

'तुम्ही कोण?'

आता मी मामा म्हणणार नव्हतो. खिशातून शेवटचं कार्ड काढलं आणि दिलं, त्याला कोपऱ्यात मेयोनीज लागलेलं होतं. त्यांनी टॉर्चच्या उजेडात वाचलं. परत वाचलं. 'स्ट्रक्चरल ऑडिटर? आणि तुम्ही यांना गच्चीवर नाचवताय?'

'मी नाचवत नव्हतो ओ, मी लोड डिस्ट्रिब्यूट करत होतो. बिल्डिंग कधीची आहे?'

'त्र्याण्णव.'

'म्हणजे तीसच्या वर. सोसायटीच्या उपविधीप्रमाणे तुम्हाला दर तीन वर्षांनी ऑडिट लागतं. शेवटचं कधी झालं?'

टॉर्च जरा खाली आली. 'विषय आहे अजेंड्यावर,' ते म्हणाले, 'दर वर्षी असतो.' मी खिशातली खपली काढून त्यांच्या तळहातावर ठेवली, दुसऱ्या मजल्याचं लँडिंग, म्हटलं. त्यांनी ती बोटाने चुरडून बघितली. बराच वेळ बघितली. मग कार्ड आणि खपली दोन्ही पायजम्याच्या खिशात टाकून खाली गेले. मी बायकोला तिथूनच मेसेज केला, जमलं.

मंगळवारी त्यांचा फोन आला. कमिटीच्या मीटिंगमध्ये तुमचं नाव निघालं म्हणाले. मी पेन घेतलं, गळ्यातला आवाज जाड केला, म्हटलं हो, कोटेशन आज संध्याकाळपर्यंत पाठवतो. ते म्हणाले ते पाठवाच, पण आधी एक सांगा, तुम्ही ज्या दोन रेघा मारल्या होत्या, त्यातल्या डावीकडच्या रेघेच्या बरोबर खाली चारशे दोनच्या बेडरूममध्ये गिलावा पडलाय, पलंगावर, सुदैवाने ते लोक गावाला होते.

मी म्हटलं बघा, म्हणजे बीम बरोबर शोधला होता मी.

फोनवर पलीकडे शांतता. मग त्यांनी रक्कम सांगितली, गिलावा साडेचार हजार, गादी वेगळी, कोटेशनमधून वजा करून पाठवा.