धने पावडरीचं पाकीट आणि दादांची अकरा वर्षं

भेसळ करणाऱ्याला तुरुंगात घाला, माझा एका शब्दाचा विरोध नाही. दुधात युरिया आणि हळदीत लेड क्रोमेट मिसळणारा माणूस लोकांच्या जिवावर उठलेला असतो. पण माल चोख आहे, फक्त पाकिटावर एक ओळ छापायची राहिली, म्हणून दुकानदाराला आरोपी करायचं? हे मी आमच्याच घरात बघितलंय.

मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावी आमचं किराणा दुकान, तेव्हा ते दादा चालवायचे. २००३ च्या मे महिन्यात अन्न निरीक्षक आले. धने पावडरीची पाकिटं घेतली, रीतसर पैसे दिले, पंचांसमोर तीन भाग करून सील मारलं. काही महिन्यांनी रिपोर्ट आला: नमुना प्रमाणकांप्रमाणे आहे, मात्र लेबलवर बॅच नंबर नाही, सबब मिथ्याछाप, म्हणजे लेबल नियमाप्रमाणे नसलेला माल.

तेव्हा १९५४ चा अन्नभेसळ प्रतिबंधक कायदा होता. मिथ्याछाप हाही त्यात फौजदारी गुन्हाच. शिक्षा किमान ६ महिने कैद. नुसता लेबलचा नियम मोडला असेल तर कोर्ट खास कारणं नोंदवून ती ३ महिन्यांवर आणू शकायचं. त्याखाली नाही.

पाकीट दादांनी भरलेलंच नव्हतं. शेजारच्या जिल्ह्यातल्या गृहउद्योगाचं सीलबंद पाकीट होतं. एजन्सीचं गुलाबी बिल होतं, खाली वॉरंटीचा, म्हणजे मालाच्या हमीचा मजकूर छापलेला. असा माल जसाच्या तसा विकणाऱ्याला त्या कायद्याच्या कलम १९ मध्ये बचाव होता. पण तो सिद्ध करायचा खटल्यात. म्हणजे आधी समन्स, मग जामीन, मग तारखा. गृहउद्योग तोवर बंद पडला होता, त्याच्यावर समन्स बजावलंच गेलं नाही. उरले एकटे दादा.

कधी साक्षीदार गैरहजर, कधी साहेब रजेवर. एकदा दादा तापानं फणफणले होते, हजेरी माफीचा अर्ज वेळेत पोचला नाही, आणि वॉरंट घेऊन पोलीस दुकानात आले. समोर गिऱ्हाईक उभं होतं. दादांनी हातातली साखर तोलून दिली, सुट्टे पैसे परत केले आणि मग चप्पल घातली. त्यानंतर तारखेच्या आदल्या रात्री ते जेवत नसत. २०१४ मध्ये निर्दोष सुटले.

माझा राग निरीक्षकांवर नाही. राग आहे तो कोर्टाच्या 'प्रोसेस इश्यू', म्हणजे आरोपीला समन्स काढा, या हुकमाच्या त्या एका ओळीवर. मी नक्कल काढून वाचली: छापील मजकूर, नाव आणि कलम तेवढं हातानं भरलेलं. रिपोर्ट आणि बिल शेजारीशेजारी ठेवून कुणी पाच मिनिटं वाचलं असतं तरी दादा सुटले असते. फौजदारी खटल्यात समन्स काढणं ही गंभीर गोष्ट आहे, ते सवयीनं काढता येत नाही, हे सुप्रीम कोर्टानं १९९७ मध्येच पेप्सी फूड्सच्या खटल्यात सांगितलं होतं. लेबलवर बॅच नंबरची सक्ती करणारा नियम तर याच कोर्टानं १९७१ मध्ये द्वारकानाथ खटल्यात कायद्याच्या अधिकाराबाहेरचा ठरवला होता. तिथे तुपाचा डबा होता. पुढे कायदा दुरुस्त झाला आणि नियम परत आला.

वकिलांनी सुचवलं होतं, हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ खाली अर्ज करू, खटला रद्द होईल. खर्च ऐकून दादा गप्प बसले. मोठ्या कंपन्या पहिल्या समन्सलाच हायकोर्टात जातात. कोर्टाच्या प्रक्रियेचा गैरवापर थांबवायचा उपाय कायद्यात आहे, पण तो तालुक्याच्या कोर्टात मिळत नाही, हे मला आजही सहन होत नाही.

५ ऑगस्ट २०११ पासून नवा अन्न सुरक्षा आणि मानके कायदा लागू झाला. आता मिथ्याछापाला कलम ५२ खाली ३ लाखांपर्यंत दंड, तोही फौजदारी कोर्टात नाही, न्यायनिर्णय अधिकाऱ्यापुढे. हा बदल मला मनापासून मान्य आहे. पण जुने खटले जुन्याच कायद्यानं चालत राहिले, दादांचाही.

लेबल क्षुल्लक आहे असं मी म्हणत नाही. शेंगदाण्याची अ‍ॅलर्जी असलेल्या मुलाच्या आईला विचारा, ती एक ओळ काय असते ते. म्हणूनच सुधारणेची नोटीस आधी द्या, सदोष माल परत मागवा, दंड लावा, तोही पाकीट भरणाऱ्याला.

आणि दुकानदारांनो, प्रत्येक खरेदीचं पक्कं बिल घ्या, फाइलला लावा. रिपोर्ट विरोधात आला तर अपिलाला ३० दिवस असतात, ते घालवू नका. दादा आता ७८ वर्षांचे आहेत. दुकान भाऊ बघतो. नवा माल आला की दादा अजूनही चष्मा लावून प्रत्येक पाकिटाची मागची बाजू वाचतात.