खिडकी उघडावी म्हणून

आपले काम झाल्याशी मतलब असणाऱ्या माणसाने पडद्यावर खिडकी कशी उमटते या चौकशीत पडू नये, असे माझे मत आहे. परंतु युनिक्स या जुन्या संगणक-प्रणालीच्या घराण्यातला, आलेख काढणारा एखादा जुना आणि विश्वासू प्रोग्राम आपल्या मेजावरच्या संगणकावर चालवण्याचे मनात आले, की हे मत गुंडाळून ठेवावे लागते. आज्ञा द्यावी, खिडकीची वाट पाहावी आणि खिडकीऐवजी एकच ओळ यावी: ‘लिब-एक्स-११’ ही लायब्ररी उघडता येत नाही, अशी फाइल किंवा डिरेक्टरी अस्तित्वात नाही. लायब्ररी म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायच्या तयार कामांची फाइल, आणि ही लायब्ररी युनिक्सच्या घराण्यात खिडक्या उमटवणाऱ्या ‘एक्स’ या रचनेची. या ओळीतला संतापजनक भाग असा, की फाइल अस्तित्वात असते. मी तिचे नाव, तिचा आकार, तिची तारीख सगळे डोळ्यांनी पाहतो, आणि संगणक मला शांतपणे सांगतो की ती नाही.

उलगडा होतो तेव्हा दोघेही खरे ठरतात. प्रोग्राम ३२ बिटांच्या जमान्यातला असतो, लायब्ररी ६४ बिटांची असते, आणि लायब्ररी जोडून देणारा लोडर चुकीच्या जातीची फाइल समोर आली तर तिचा उल्लेखही न करता पुढे शोधत राहतो. अखेरीस काहीच हाती न लागल्यावर ‘अशी फाइल नाही’ एवढेच कळवतो. ‘आहे, पण तुमच्या उपयोगाची नाही’ असे त्याने म्हटले असते, तर माझी एक संध्याकाळ वाचली असती.

योग्य जातीची फाइल आणून ठेवली की लोडर पुढची मागणी करतो. त्याचा स्वभाव असा, की पहिली उणीव दिसताच तो काम थांबवतो आणि तेवढीच सांगतो. लिब-एक्स-११ मिळाली की लिब-एक्स-एक्स्ट, ती मिळाली की लिब-एसएम, तिच्यामागे लिब-आयसीई. एका पाहुण्याला बोलवावे आणि त्याने दारातूनच आपल्या आतेभावाला हाक मारावी, त्यातला हा प्रकार आहे. ‘एलडीडी’ नावाची एक आज्ञा सगळ्या गैरहजर मंडळींची यादी एकदमच देते, पण तिची ओळख माणसाला बहुधा अर्धे पाहुणे येऊन बसल्यावर होते. त्या यादीतल्या काही नावांचे प्रयोजन वाचले की मन भरून येते. लिब-एसएम ही सत्राची व्यवस्था पाहते, म्हणजे आपण संगणकावरून उठून गेलो तर कोणते प्रोग्राम कोणत्या अवस्थेत होते याची आठवण ठेवण्याची सोय करते. लिब-झिनेरामा ही एकाहून अधिक पडदे जोडलेल्यांसाठी आहे. माझ्याकडे पडदा एकच आहे आणि मला त्यावर एक वाकडी रेघ पाहायची आहे.

या साऱ्याचे मूळ १९८४ सालात आहे. अमेरिकेतल्या एमआयटी या विद्यापीठात ‘अथेना’ नावाचा प्रकल्प चालू होता, वेगवेगळ्या कंपन्यांची यंत्रे होती, आणि कोणत्याही यंत्रावरचा प्रोग्राम कोणत्याही यंत्राच्या पडद्यावर दिसावा अशी इच्छा होती. बॉब शाइफलर आणि जिम गेटिस यांनी त्यासाठी जी रचना उभी केली तिला एक्स हे नाव मिळाले, कारण तिच्याआधीच्या रचनेचे नाव डब्ल्यू होते. अकरावी आवृत्ती सप्टेंबर १९८७ मध्ये आली. पहिल्या तीन-सव्वातीन वर्षांत अकरापर्यंत मजल मारणाऱ्या या रचनेने त्यानंतर बारावीचे नाव काढलेले नाही, आणि म्हणूनच आजही माझ्या पडद्यावर तक्रार येते ती अकराच्याच नावाने.

त्या मंडळींनी आणखी एक तत्त्व पाळले: साधन द्यायचे, धोरण ठरवायचे नाही. खिडकीला वरची पट्टी असावी की नसावी, ती कोठे उमटावी, तिला हलवावे कसे, यांपैकी काहीही एक्स स्वतः ठरवत नाही. ते काम ‘विंडो मॅनेजर’ नावाच्या वेगळ्या प्रोग्रामचे. तो चालू नसेल तर खिडकी येते, पण पडद्याच्या कोपऱ्यात खिळल्यासारखी बसते आणि तिला धरायला जागाच नसते. हे तत्त्व उदात्त आहे याबद्दल मला शंका नाही. फक्त, ज्या धोरणाचा निर्णय कोणीच घेत नाही, तो शेवटी रात्री अकरा वाजता खुर्चीत बसलेल्या माणसाला घ्यावा लागतो, एवढेच माझे म्हणणे आहे.

लायब्ऱ्या जमल्या की पुढचा अडथळा ‘डिस्प्ले उघडता येत नाही’ हा. डिस्प्ले म्हणजे खिडकी ज्या पडद्यावर उमटायची त्याचा पत्ता. येथे एक्सची मांडणी समजून घ्यावी लागते, आणि ती सर्वसाधारण समजुतीच्या नेमकी उलटी आहे: सर्व्हर म्हणजे ज्याच्यासमोर आपण बसलो आहोत तो पडदा, कळफलक आणि माउस सांभाळणारा, आणि लांबच्या खोलीतले ते अवाढव्य यंत्र, त्याच्यावर चालणाऱ्या प्रोग्रामपुरते, त्याचा ग्राहक. विंडोजवर असा एक्स सर्व्हर स्वतंत्रपणे बसवायचा असेल तर व्हीसीएक्स-सर्व्ह किंवा सिगविन-एक्स यांसारखी सोय करावी लागते. मॅकवर एकेकाळी तो सोबतच येत असे. २०१२ च्या १०.८ आवृत्तीपासून तो सोबत येणे बंद झाले आणि एक्स-क्वार्ट्झ वेगळा घ्यावा लागू लागला. तो आपल्या लायब्ऱ्या ‘ऑप्ट’ या डिरेक्टरीत ठेवतो, तर कित्येक जुन्या प्रोग्रामांच्या पोटात ‘यूएसआर’मधला पत्ता कोरलेला असतो. लायब्ररी जिवंत आहे, प्रोग्राम जिवंत आहे, आणि भेट होत नाही.

सर्व्हर चालू झाला की तो ओळखपत्र मागतो. त्या ओळखपत्राचे अधिकृत नाव ‘एमआयटी-मॅजिक-कुकी-१’ असे आहे. हे मी विनोदासाठी रचलेले नाही. १२८ बिटांची ही गुप्त संख्या घरच्या डिरेक्टरीतल्या एका लपलेल्या फाइलीत असते, आणि माणूस प्रशासकाचा वेष घेऊन तोच प्रोग्राम चालवू लागला, की घर बदलल्यामुळे पुष्कळदा कुकी सापडत नाही. सर्वाधिकारी म्हणवणाऱ्याला त्याच्याच पडद्यावर प्रवेश नाकारला जातो. यावर, पडद्यावर कोणाला येऊ द्यायचे ते सांगणाऱ्या ‘एक्सहोस्ट’ या आज्ञेला अधिकचे चिन्ह जोडून सगळ्यांनाच दार उघडे करण्याचा सल्ला देणारे हितचिंतक भेटतात. त्यांचा सल्ला मी मानत नाही, कारण एका एक्स-खिडकीला दुसरीवर टंकलेली अक्षरे सहज वाचता येतात. दूरच्या यंत्राशी सुरक्षित जोडणी करणाऱ्या एसएसएचच्या आज्ञेला मोठा एक्स जोडला की कुकीची ने-आण ते आपणच करते आणि डिस्प्लेचा क्रमांक बहुधा दहा असा देते. ही एवढी एकच गोष्ट या प्रकरणात मला कोणतीही लाच न मागता मिळालेली आहे.

नव्या प्रोग्रामांनी सुख दिले असते, पण त्यांचा निरोप आणखी गूढ असतो. क्यूटी या खिडक्या-बटणे रचून देणाऱ्या साधनसंचावर बांधलेला प्रोग्राम म्हणतो: ‘एक्ससीबी’ हा (एक्सशी बोलणारा) प्लग-इन सापडला, तरीही लोड करता आला नाही, प्रोग्राम पुन्हा बसवल्यास कदाचित उपाय होईल. नाही म्हणणाऱ्या लोडरपेक्षा सापडल्याची कबुली देणारा हा संदेश मला अधिक क्रूर वाटतो. प्रोग्राम पुन्हा बसवून सहसा काहीही होत नाही. क्यूटीच्या ६.५ आवृत्तीपासून लिब-एक्ससीबी-कर्सर ही आणखी एक छोटी लायब्ररी आवश्यक झाली आहे आणि बरेचदा नेमकी तीच जागेवर नसते. म्हणजे प्रोग्राम, पडदा, सर्व्हर, कुकी सगळे सज्ज असताना अडून बसतो तो माउसचा बाण.

माझी ही कथा ऐकून एका तरुण सहकाऱ्याने सहानुभूतीने सांगितले, की एक्स आता जुना झाला, वेलँड वापरा. वेलँड २००८ मध्ये क्रिस्टियन होग्सबर्ग यांनी सुरू केला, तो सुटसुटीत आहे, आणि एका खिडकीने दुसरीत डोकावण्याची वाईट सवय त्यात मोडून काढली आहे. मी उत्साहाने तो घेतला आणि माझा आलेखाचा प्रोग्राम चालवला. जुने प्रोग्राम वेलँडवर कसे चालतात, हे तेव्हा मला कळले: त्यांच्यासाठी पडद्यामागे ‘एक्सवेलँड’ नावाचा संपूर्ण एक्स सर्व्हर उभा राहतो, त्यालाही डिस्प्लेचा क्रमांक असतो, आणि त्याच्याशी बोलण्यासाठी माझ्या प्रोग्रामने, अर्थातच, लिब-एक्स-११ मागितली. ३२ बिटांची.