सदर इसम घरीच असतो

परवा तलाठी कार्यालयातल्या साहेबांनी माझं पत्र दोन बोटांच्या चिमटीत धरून आधी उलटं केलं. मागची बाजू कोरी होती. मग सुलटं केलं, वरवर नजर टाकली आणि म्हणाले, "हे काय, कोणीपण लिहील."

कोणीपण! अख्खी दुपार घालवून लिहिलेलं पत्र होतं ते. 'प्रति', 'विषय', 'महोदय' सगळं जागच्या जागी. ऱ्हस्व-दीर्घाची एक चूक काढून दाखवा म्हणावं. मी लिहिण्यावरच पोट भरतो. आजवर 'फार लांबलंय' म्हणणारे भेटले, 'पैसे पुढच्या महिन्यात बघू' म्हणणारे तर खंडीभर भेटले, पण तोंडावर असं ऐकवणारा हा पहिलाच.

झालं होतं असं की, आमच्याकडे सुनंदाताई कामाला येतात. धुणं, भांडी, केर-फरशी. नवरा वारलाय, पदरात दोन मुलं, दोघंही शाळेत. अंगणवाडीच्या बाईंनी त्यांना सांगितलं, सरकारची बालसंगोपन योजना आहे, सावित्रीबाई फुल्यांच्या नावाची. आई किंवा बाप गेलेल्या मुलाला अठरा वर्षांचं होईपर्यंत दरमहा मदत मिळते. पूर्वी ११०० रुपये होते, २०२३ साली २२५० केले. त्याला कागद लागतात: मृत्यूचा दाखला, सगळ्यांची आधार कार्डं, रेशन कार्ड, शाळेचं बोनाफाइड, पासबुक, आणि तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला. बाकीचं सगळं ताईंनी साडीच्या दुकानाच्या एका पिशवीत जमवलं. गाडी अडली ती उत्पन्नावर.

उत्पन्नाचा पुरावा म्हणून काय चालतं, त्याची यादी आहे. फॉर्म १६. आयकराचं विवरणपत्र. पेन्शन असेल तर बँकेचं प्रमाणपत्र. जमीन असेल तर सातबारा, आठ-अ. म्हणजे माणूस नोकरदार तरी असावा, करदाता तरी, नाहीतर निवृत्त, नाहीतर जमीनवाला. सकाळी सहाला पहिल्या घराची बेल वाजवणारी आणि दुपारी तीनला चौथ्या घरची भांडी पालथी घालून निघणारी बाई यातल्या कुठल्याच रकान्यात बसत नाही. घरेलू कामगारांच्या कल्याण मंडळाचा कायदा राज्यानं २००८ साली केलाय. भांडी घासणं हे काम आहे हे सरकारला तेव्हाच पटलं म्हणायचं. दाखल्याच्या यादीला ती बातमी अजून कुणी कळवलेली नाही.

मग ताईंना तोंडी सांगण्यात आलं, "जिथं काम करता, तिथलं लेखी आणा."

चारपैकी एका घरानं सांगितलं, आम्ही कशावर सही करत नाही. दुसऱ्यांना वाटलं, आज पत्र मागते, उद्या पीएफ मागेल. तिसरे वकिलाला विचारून सांगणार होते. ते अजून विचारतायत. उरलो मी. मला उलट बरं वाटलं. आयुष्यात प्रथमच कुणाला तरी माझं प्रमाणपत्र हवं होतं. मी उत्साहानं लिहायला घेतलं. 'दरमहा रु. २,४००/- (अक्षरी रुपये दोन हजार चारशे फक्त) इतके वेतन देण्यात येते' या ओळीपाशी उत्साह जरा मंदावला. हातात नोटा देताना तो आकडा काही वाटत नाही, टाइप केल्यावर डोळ्यांवर येतो. पण ते असो.

तर, 'कोणीपण लिहील'.

"मग कसं आणू?" मी विचारलं.

"लेटरहेडवर आणा. शिक्का मारून."

"घराला कुठलं लेटरहेड असतं?"

"मग सोसायटीच्या लेटरहेडवर आणा." असं म्हणून साहेब फोनवर बोलत आत निघून गेले.

सोसायटीचे सेक्रेटरी म्हणाले, ताई सोसायटीच्या नोकर नाहीत, ठराव घ्यावा लागेल, पण मीटिंगमध्ये आधी पार्किंगचा विषय आहे. आमच्या सोसायटीत पार्किंगचा विषय एकदा निघाला की दुसरा विषय निघत नाही, म्हणून तो नाद सोडला आणि ताईंना घेऊन पुन्हा कचेरीत गेलो. साहेब साइटवर गेले होते. व्हरांड्यातल्या बाकावर टेकलो, तिथे काका भेटले.

या काकांबद्दल सांगायलाच हवं. पांढरा लेंगा, वर चौकड्यांचा शर्ट, मांडीवर रेक्झिनची बॅग. बॅगेत स्टेपलर, डिंकाची बाटली, शाईचं पॅड, टाचण्या, आणि दोरी बांधलेलं पेन. दोरीचं दुसरं टोक त्यांच्या शर्टाच्या काजात अडकवलेलं, त्यामुळे पेन वापरायचं तर काकांच्या छातीशी वाकून लिहावं लागायचं. लोक वाकून लिहीत होते. मला आधी ते एजंट वाटले, मग शिपाई वाटले. दोन्ही नव्हते. काका फार वर्षांपूर्वी स्वतःच्या सातबाऱ्यावरचं आजोबांचं नाव दुरुस्त करून घ्यायला आले होते. ती दुरुस्ती अजून व्हायचीय. तोवर येता-जाता काकाच कचेरीचे झाले. चहावाला पोरगा त्यांना न विचारता कप देतो. साहेब बदलून गेले की नव्या साहेबांना कपाट कुठलं कशाचं हे काकाच दाखवतात, असं ते स्वतःच म्हणाले, आणि अविश्वास वाटावा असं त्यांच्या चेहऱ्यावर काही नव्हतं.

"कसली नोंद?" काकांनी विचारलं.

"नोंद नाही. आमच्याकडे या ताई काम करतात, त्याचं पत्र द्यायचंय."

"म्हणजे तुम्ही मालक."

"म्हणजे... हो."

"धंदा काय?"

"घरून काम करतो."

"ते लॉकडाऊनपासून सगळेच सांगतात. कंपनी कुठली?"

"कंपनी नाही. माझं मीच."

"शॉप अ‍ॅक्ट काढलंय?"

"नाही."

"उद्यम?"

"नाही."

"जीएसटी?"

"तेवढी कमाई नाही हो."

"शेती?"

"नाही."

काका थोडे सरकून बसले. मघापर्यंत चौकशी चालली होती, आता सुरात काळजी आली. "मग दिवसभर करता काय?"

आता हे सांगणं नेहमीच जड जातं. मी म्हणालो, "मिक्सर घेतला की खोक्यात एक पुस्तिका येते बघा. गिझरमध्ये येते, पाण्याच्या मोटारीबरोबर येते. ती मी लिहितो."

"ती कोणी लिहितं?" काकांना खरोखरच धक्का बसला. "मला वाटायचं, ती मशीनबरोबरच निघते." मग त्यांनी व्हरांड्याच्या पार टोकापर्यंत आवाज दिला, "ओ, हे बघा, हे मिक्सरचं पुस्तक लिहितात!"

रांग वळली. नॉन-क्रीमी लेयरच्या रांगेतल्या एक बाई हातातली फाइल सांभाळत पुढे आल्या आणि म्हणाल्या, "भाऊ, माझा मिक्सर खोबरं वाटता वाटता जळका वास येऊन बंदच पडला, तो चालूच होईना. दुकानदार म्हणतो, मोटर गेली."

"उलटा करून पाहिला?"

"उलटा?"

"आधी प्लग काढा. मग उलटा करा. खाली लहानसं लाल बटण असतं. जास्त भार झाला की ते बाहेर येतं. मोटर गार झाली की दाबा आणि मग चालू करा. आणि खोबरं एकदम भरू नका, थोडं थोडं घाला, मध्ये थांबा."

"अगं बाई!" बाई म्हणाल्या. मागच्या एका गृहस्थांनी बटणाचं लिहूनच घेतलं, काकांच्या छातीशी वाकून. त्या व्हरांड्यात माझी नोकरी तेवढ्या मिनिटापुरती सिद्ध झाली. पान नऊ, 'अडचणी व उपाय' हा माझा आवडता भाग आहे. तो आजवर कुणी वाचलाय, याचा एकही पुरावा मला मिळालेला नव्हता.

पण काका असे भुलणारे नव्हते. त्यांनी मोर्चा ताईंकडे वळवला.

"ताई, किती घरं?"

"चार."

"यांच्याकडं किती वर्षं?"

"सात झाली."

"पगार?"

"एक तारखेला देत्यात."

"आणि तुमचा पगार?" हे मला.

मी सांगून टाकलं. गिझरवाल्यांचं बिल दिवाळीच्या आधी पाठवलंय, अजून पत्ता नाही. मोटारवाले फोनच उचलत नाहीत.

काकांनी बॅग बाजूला ठेवली आणि निकाल दिला. "म्हणजे ताईंची नोकरी पक्की आहे. चार ठिकाणी आहे. पगार वेळेवर आहे. तुमचंच काही खरं नाही. साहेबांना संशय येणार नाहीतर काय? खरं तर पत्र ताईंनी तुम्हाला द्यायला पाहिजे. लिहा ताई: सदर इसमास मी सात वर्षांपासून ओळखत असून, माझ्या माहितीप्रमाणे सदर इसम घरीच असतो."

रांग हसली. मीही हसलो, हसावंच लागतं. ताई मात्र हसल्या नाहीत. पिशवीचे बंद हाताला गुंडाळत म्हणाल्या, "असत्यात ना. दिवसभर असत्यात. फरशी पुसताना पायबी उचलत नाहीत."

यावर काकांनी टाळी मागितली. माझी नाही, ताईंची.

ताई हसल्या नाहीत त्याचं कारण मला परतताना रिक्षात कळलं. त्या दिवशी त्यांच्या दोन घरी खाडा झाला होता. एका घरी चालवून घेतात, दुसऱ्या घरी खाड्याचे पैसे कापतात. म्हणजे आपलं उत्पन्न फार नाही हे सरकारला पटवायला जेवढ्या वेळा जावं, तेवढं उत्पन्न आपोआप कमी होत जातं. दाखल्याची सोयच म्हणा की एक प्रकारे. कचेरीच्या भिंतीवर लोकसेवा हक्क कायद्याचा बोर्ड आहे, २०१५ चा कायदा, 'आपली सेवा आमचे कर्तव्य'. उत्पन्नाचा दाखला पंधरा दिवसांत. पण ते दिवस मोजायचे अर्ज घेतल्यापासून, आणि आमचा अर्ज 'कागद अपुरा' म्हणून घेतच नव्हते. त्याच वर्षी सरकारनं प्रतिज्ञापत्रांची कटकट काढून स्वयंघोषणापत्र आणलं होतं. नागरिक स्वतः लिहून देतो ते खरं मानायचं, असा त्याचा सरळ अर्थ. ताईंचं स्वयंघोषणापत्र, फोटो चिकटवून, सही करून पिशवीत होतंच. ते कुणी मागितलंही नाही. सरकारचा नागरिकावर विश्वास आहे, फक्त त्या खिडकीवरच्या माणसाला अजून आदेश पोचलेला नाही. काही खिडक्यांवर आदेश पोचायला दहा वर्षं कमी पडतात. हे विनोदानं लिहायला बसलो होतो खरं, पण त्या कापलेल्या खाड्याचं काय करायचं ते मला अजून सुचलेलं नाही.

काकांनी निघताना कानात सांगितलं होतं, "शिक्का करून घ्या. शिक्का असला की कोणी वाचत नाही."

मेन रोडला एका बोळात शिक्केवाला आहे. टपरीएवढी जागा, भिंतभर नमुने: 'पैसे मिळाले', 'खरी प्रत', 'सचिव', 'मुख्याध्यापक', 'वैद्यकीय अधिकारी'. मनात आणलं असतं तर पंधरा मिनिटांत मी यातला कोणीही झालो असतो.

"काय टाकू?" त्यानं विचारलं.

"माझं नाव."

"आणि खाली?"

"खाली काही नाही."

त्यानं मान हलवली. "नुसत्या नावाचा शिक्का लायब्ररीच्या पुस्तकावर मारतात. प्रोप्रायटर टाकू या."

"कशाचा?"

"काय करता?"

मी मिक्सरचं सांगणार होतो, पण आता दम उरला नव्हता. म्हटलं, "लेखन."

"लेखन सेवा. छान. गोल की चौकोनी?"

"काय फरक?"

"चौकोनी घेतला तर मागं जीएसटी नंबर विचारतात. गोल वजनदार दिसतो. कचेरीचं काम असेल तर डोळे झाकून गोल."

गोल घेतला. जांभळी शाई. तेच पत्र, तोच मजकूर, खाली माझी सही आणि सहीवर अर्धा चढलेला शिक्का. साहेबांनी शिक्का पाहिला, अंगठ्यानं शाई वाळलीय का ते तपासलं आणि पत्र फाइलला लावलं. वाचलं नाही. मला राहवेना. म्हटलं, "साहेब, एकदा नजर तरी टाका. मजकूर तोच आहे."

"शिक्का आहे ना," साहेब म्हणाले.

दाखला निघाला. मग आम्ही तो घेऊन बालसंगोपनाचे अर्ज घेतात त्या टेबलाशी गेलो. तिथल्या मॅडम बोलायला बऱ्या होत्या. एकेक कागद लावत गेल्या. शेवटी फोटो निघाला. पालक आणि मुलं घरासमोर उभी असलेला पोस्टकार्ड साइजचा फोटो या अर्जाला लागतो. ताईंच्या घरासमोर गल्ली आहे, हात पसरले तर दोन्हीकडच्या भिंतींना लागतील एवढी. फोटोग्राफरनं समोरच्यांच्या मोरीत उभं राहून फोटो काढला होता. ताई, मुलगी, मुलगा, तिघं खांद्याला खांदा लावून, आणि कडेला समोरच्यांची बादली.

मॅडमनी चष्मा वर केला. "फोटो घरासमोरचा लागतो."

"घरासमोरचाच हाये," ताई म्हणाल्या.

"मग यात घर कुठंय?"

"मागं."

"मागं नुसती भिंत दिसतेय."

"तेच."

मॅडम फोटोकडे बघत राहिल्या. ताई माझ्याकडे वळल्या.

"दादा, ह्याच्यावर मारा की तुमचा शिक्का."