‘साळिंदरा’च्या नाण्याविषयी आपल्या तक्रारीस उत्तर

सप्रेम नमस्कार.

आमच्याकडून घेतलेल्या चांदीच्या नाण्याविषयी आपण लिहिलेले परीक्षण वाचले आणि त्यासोबतचा एकुलता एक ताराही पाहिला. आपली तक्रार थोडक्यात अशी आहे: १८० पौंड मोजून हाती आलेले नाणे करंगळीच्या नखाएवढे आहे, त्यावर ना राजाचे नाव आहे, ना साल, एका बाजूस केसाळ सुरवंटासारखे काहीतरी आणि दुसऱ्या बाजूस चौकटीत रेघोट्या आहेत, छाप एका कडेला सरकलेला आहे, चिंचेने घासूनही त्याला चकाकी येत नाही, आणि आम्ही ज्याला ‘इंग्लंडची पहिली चांदीची पेनी’ म्हटले ते नाणे मुळात इंग्लंडचे नाहीच, असे आपल्या एका जाणकार मित्राने सांगितले. आपण मराठीतून लिहिलेत, म्हणून उत्तरही मराठीतूनच देत आहे.

शेवटचा मुद्दा आधी घेतो, कारण तेथे चूक आमची आहे. आपले नाणे ज्या गटातले आहे त्याला काटेरी आकृतीमुळे नाणेसंग्राहक ‘साळिंदर’ म्हणतात, आणि नाण्यांचे अभ्यासक स्ट्युअर्ट रिगोल्ड यांनी या काळातील, म्हणजे सातव्या-आठव्या शतकांतील, नाण्यांची इंग्रजी अक्षरांनुसार जी विभागणी केली तिच्यात तो ‘ई’ मालिकेत येतो. ही मालिका प्रामुख्याने ऱ्हाईन नदीच्या मुखाजवळच्या फ्रिसियन प्रदेशात, म्हणजे आजच्या नेदरलँड्समध्ये पाडली गेली. इंग्लंडमधील पहिल्या चांदीच्या पेन्या त्याहून थोड्या आधीच्या, साधारण ६७५ ते ६८५ या काळातल्या आहेत, आणि त्यांतील काहींवर ‘पाडा’ हे एका माणसाचे नाव रूनिक, म्हणजे उत्तर युरोपातील जुन्या, लिपीत कोरलेले आहे. आमच्या यादीतील मथळा त्यामुळे चुकीचा होता. तो मी स्वतः लिहिला होता, घाईत लिहिला होता, आणि आज सकाळी बदलला आहे.

मात्र नाणे इंग्लंडमध्ये पाडलेले नाही, एवढ्यावरून त्याचा इंग्लंडशी संबंध नाही, हा आपल्या मित्राचा निष्कर्ष मला मान्य नाही. ऑक्सफर्डशायरमध्ये ॲस्टन रोवंट येथे १९७० च्या दशकाच्या आरंभी तीनशेहून अधिक चांदीच्या नाण्यांचा जो साठा सापडला, तो साधारण ७१० च्या सुमारास पुरलेला होता, आणि त्यातील मोठा भाग समुद्रापलीकडून आलेल्या अशाच नाण्यांचा होता. त्या काळच्या इंग्रज माणसाच्या कमरेच्या पिशवीत फ्रिसियन नाणी खुळखुळत होती आणि त्यांत कोणाला काही वावगे वाटत नव्हते. बीड या मठवासी इतिहासकाराने (आपल्या मराठवाड्याशी त्याचा काही संबंध नाही) ७३१ च्या सुमारास पूर्ण केलेल्या इतिहासात इम्मा नावाच्या, उत्तर इंग्लंडमधील नॉर्थम्ब्रिया राज्याच्या, योद्ध्याची हकीकत दिली आहे: ६७९ च्या लढाईत तो शत्रूच्या हाती सापडला आणि पुढे लंडनमध्ये एका फ्रिसियन व्यापाऱ्याला विकला गेला. लंडनच्या बाजारात माणसेसुद्धा विकत घेणारे फ्रिसियन लोक किती सहज वावरत असत, हे त्यातून कळते. आपल्याकडचे नाणे केंटमधील एका शेतात मेटल डिटेक्टरने सापडले असून त्याची नोंद पोर्टेबल अँटिक्विटीज स्कीम या, सापडलेल्या पुरातन वस्तूंची नोंद ठेवणाऱ्या, योजनेकडे झालेली आहे; ते कागद आपल्या पाकिटात होते. ‘शेतातून उचललेला माल’ या आपल्या शब्दांना एवढेच उत्तर पुरेसे व्हावे.

आता आकार. आपल्या नाण्याचा व्यास १२ मिलिमीटर आणि वजन १.१ ग्रॅम आहे, आणि दोन्ही आकडे आमच्या यादीत छापलेले होते, तरी छायाचित्रात ते रुपयाएवढे दिसत होते हे मी मान्य करतो. यापुढे प्रत्येक छायाचित्रात नाण्याशेजारी मोजपट्टी ठेवण्यात येईल. पण नाणे लहान आहे ते काटकसरीमुळे नव्हे. सातव्या शतकाच्या पूर्वार्धात इंग्लंडमध्ये सोन्याची नाणी पाडली जात होती. हॅम्पशायरमधील क्रोंडल येथे १८२८ साली सापडलेला आणि आता ऑक्सफर्डच्या ॲशमोलियन संग्रहालयात असलेला सुमारे शंभर नाण्यांचा साठा त्यांचा मुख्य पुरावा आहे. पुढे सोने दुर्मीळ होत गेले, नाण्यांत चांदीची भेसळ वाढत गेली, आणि ६७० च्या दशकापर्यंत ही ‘सोन्याची’ नाणी पिवळेपणाच हरवून बसली. तेव्हा त्याच लहान, जाड घडणीत सरळ चांदीचे नाणे पाडायला सुरुवात झाली. आम्ही व्यापारी त्याला ‘शॅटा’ म्हणतो, पण तो शब्द सतराव्या शतकातील अभ्यासकांनी जुन्या कायद्यांतून उचलून या नाण्यांना चिकटवला. ज्यांनी ती प्रत्यक्ष वापरली ते त्यांना पेनीच म्हणत असावेत.

ही चांदी कोठून आली, हा प्रश्न आपण विचारलेला नाही, पण तो आपल्या १.१ ग्रॅमशी निगडित आहे. २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनात केंब्रिजच्या फिट्झविल्यम संग्रहालयातील या काळातल्या नाण्यांच्या धातूचे पृथक्करण करण्यात आले, आणि सुरुवातीच्या नाण्यांतील चांदीचा माग बायझंटाइन, म्हणजे कॉन्स्टँटिनोपल राजधानी असलेल्या पूर्व रोमन, साम्राज्याकडे निघाला. पूर्व इंग्लंडमधील सटन हू येथे १९३९ साली उघडलेल्या नौकादफनात (नौकेसह पुरलेल्या थडग्यात) बायझंटाइन सम्राट अनास्तासियसच्या शिक्क्यांचे चांदीचे भले मोठे ताट मिळाले होते. तशी ताटे आणि वाडगे सरदारांच्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या पडून होते, आणि रोख पैशाची गरज वाढली तेव्हा ते वितळवले गेले असावेत. आपल्या नखाएवढ्या नाण्यात कॉन्स्टँटिनोपलच्या ताटाचा तुकडा असण्याची शक्यता त्यामुळे नाकारता येत नाही.

राजाच्या नावाविषयी आपण शिवराईचे उदाहरण दिले आहे. लहानपणापासून शिवराया जमवणाऱ्या माणसाला निनावी नाणे अपुरे वाटणे साहजिक आहे. पण ज्या काळाचे हे नाणे आहे त्या काळात नाव घालण्याची रीतच पडलेली नव्हती. केंटच्या एडबाल्डचे नाव सोन्याच्या थोड्या नाण्यांवर दिसते, नॉर्थम्ब्रियाच्या आल्डफ्रिथने (कारकीर्द ६८५ पासून) चांदीवर आपले नाव एका शेपूट उंचावलेल्या श्वापदासोबत घातले, काही नाण्यांवर ‘एपा’सारखी, बहुधा टांकसाळ चालवणाऱ्यांची, नावे रूनमध्ये आहेत, बाकी सारा प्रचंड नाणेव्यवहार निनावीच आहे. राजाचे नाव हा नियम ठरला तो आठव्या शतकाच्या उत्तरार्धात, मध्य इंग्लंडमधील मर्सियाच्या ऑफा राजाच्या रुंद, पातळ पेनीपासून. आपल्याला नावच हवे असल्यास ऑफाची पेनी घ्यावी; तिची किंमत ऐकून माझे साळिंदर आपल्याला स्वस्त वाटेल.

आता ‘सुरवंट’. यादीतल्या छायाचित्रावर विसंबू नये. नाणे दहापट मोठे दाखवणाऱ्या भिंगाखाली धरावे आणि प्रकाश डावीकडून येऊ द्यावा. प्रथम एक जाड, वाकडी कमान दिसेल. तिच्या बाहेरच्या अंगाने एकाच लांबीचे काटे रांगेने उभे आहेत, आणि आतल्या पोकळीत तीन समांतर रेघा व एक ठिपका आहे. अभ्यासकांचे सर्वसाधारण मत असे की हे मूळचे रोमन धाटणीचे मस्तक आहे: काटे म्हणजे केसांची रांग, कमान म्हणजे कपाळापासून मानेपर्यंतची रेषा. मागच्या बाजूची ठिपक्यांची चौकट रोमन सैन्याच्या निशाणावरून आली. चौथ्या शतकातील रोमन नाण्यांवर त्या निशाणावर ‘व्होट एक्स एक्स’, म्हणजे सम्राटाच्या वीस वर्षांच्या राज्याचा नवस, अशी अक्षरे असत. नकलेवर नक्कल होत गेली, अक्षरे वाचणारे उरले नाहीत, आणि त्यांच्या जागी आपल्याला दिसतात त्या रेघा आणि वर्तुळ उरले. आपल्या संग्रहात गधैया हे मध्ययुगीन भारतीय नाणे असेलच. त्याच्यावरचा सासानी, म्हणजे प्राचीन इराणी, राजाचा चेहरा आणि अग्निवेदी यांची ठिपके-रेघांत जी गत झाली, तीच येथे रोमन मस्तकाची झाली आहे. गधैयाला आपण ‘रेघोट्या’ म्हणत नसाल, अशी माझी समजूत आहे.

आणि हा कारागिरांचा अडाणीपणा असता, तर त्याच लहानशा चकतीवर दुसऱ्या टांकसाळींनी जे केले ते शक्य झाले नसते. ‘यू’ मालिकेत होडीत उभा असलेला, दोन्ही हातांत क्रूस धरलेला माणूस आहे आणि मागे द्राक्षवेलीतला, घड टिपणारा पक्षी. हीच वेल त्या काळच्या दगडी क्रूसांवरही चढलेली दिसते, आणि ख्रिस्ती माणसाला त्यात प्रभूच्या रक्ताची, म्हणजे द्राक्षरसाची, खूण वाटत असणार. ‘के’ मालिकेत जीभ लांब काढलेला, स्वतःभोवती वेटोळे घातलेला लांडगा आहे. १२ मिलिमीटरच्या आत हे सारे कोरणारा हात कच्चा म्हणता येणार नाही. साळिंदर त्या मानाने रुक्ष आहे, हे मी दुकानदार असूनही मान्य करतो. त्यामुळेच त्याची किंमत १८० पौंड आहे, आणि पक्ष्याच्या नाण्याची याहून कितीतरी जास्त.

छाप सरकलेला असणे हा दोष नसून हातोड्याने पाडलेल्या नाण्याचा स्वभाव आहे. ठसा चकतीपेक्षा मोठा असे, आणि कारागीर एका दणक्यात मोकळा होई. ‘श्री राजा शिव’ या तिन्ही ओळी पूर्ण आलेली शिवराई आपल्याला किती वेळा मिळाली, हे आपणच आठवून पाहावे.

चिंचेविषयी मात्र हात जोडून विनंती आहे की पुन्हा असे करू नये. तेराशे वर्षे मातीत राहिलेली चांदी आतून ठिसूळ होते, आणि तिच्यावरचा करडा थर ही घाण नसून संग्राहक ज्यासाठी पैसे मोजतात ती गोष्ट असते. आपण जोडलेल्या छायाचित्रात कमानीजवळचा तो थर निघून गेलेला दिसतो. साधे पाणी आणि मऊ कापड याखेरीज काहीही लावू नये.

मथळा आमचा चुकला असल्यामुळे, नाणे घासलेले असले तरी, मी ते पूर्ण किमतीला परत घेण्यास तयार आहे. येण्या-जाण्याचा टपालखर्चही आमच्याकडे राहील. नाणे नोंदणीकृत टपालाने, मूळ पाकिटात आणि नोंदीच्या कागदासह पाठवावे. पैसे ते हाती आल्यावर दोन दिवसांत जमा होतील. त्याऐवजी इंग्लंडमध्येच पाडलेले नाणे हवे असल्यास ‘एपा’चे एक आमच्याकडे आहे. ते २४० पौंडांचे आहे, तरी वरचे ६० पौंड मी आपल्याकडून घेणार नाही. त्याचा छापही थोडा सरकलेला आहे, हे आधीच सांगून ठेवतो.

आपला नम्र,
दुकानाचा मालक