उजेड कोणी पाडायचा?

ऑपेरा मला कळतो, असा माझ्याविषयी घरात एक पक्का समज आहे. त्यामुळे त्या विषयावरचा माहितीपट लागला की तो इतरांना समजावून सांगण्याची जबाबदारी कोणीही न सोपवता माझ्याकडे चालत येते. या वेळचा माहितीपट होता १९९८ साली बीजिंगमध्ये, निषिद्ध नगरी म्हणजे चिनी सम्राटांच्या जुन्या राजवाड्यालगतच्या राजपूर्वजांच्या मंदिरासमोर, उघड्यावर झालेल्या ‘तुरांदोत’ या ऑपेराच्या प्रयोगाचा. संगीत पुच्चिनीचे, वादक आणि समूहगायक फ्लॉरेन्सचे, संगीत संचालक मुंबईत जन्मलेले झुबिन मेहता, दिग्दर्शक चिनी चित्रपटांचे झांग यिमोऊ आणि रंगमंचावरच्या सैनिकांच्या जागी चक्क चिनी लष्करातले जवान, असा हा संसार होता. एवढी माणसे एका आवारात आणायची आणि वर त्यांना एकमेकांचे बोलणे कळायचे नाही, ही कल्पना ज्याला सुचली त्याच्या धैर्याला दाद द्यायला हवी.

आमच्या बैठकीत दुभाष्या नव्हता. पत्नीचे मामा चष्मा विसरून आले होते, त्यामुळे पडद्याखाली धावणारी ओळ वाचून तिचे मराठी करण्याचे काम मला मिळाले. ओळ वाचावी तर चेहरे निसटतात आणि चेहरे पाहावेत तर ओळ पुढे निघून जाते. त्यातून झांग यांचे लांबलचक बोलणे मी एका वाक्यात उरकले की मामांना माझ्या प्रामाणिकपणाविषयीच शंका येई. “तो एवढा वेळ हातवारे करून बोलला आणि तुम्ही एवढ्यावरच आटोपलंत?” असे त्यांनी विचारल्यापासून मी प्रत्येक वाक्याला पदरची दोन-तीन वाक्ये जोडू लागलो, आणि तेव्हापासून मामांचे समाधान झालेले दिसले.

कथानक सांगणे मात्र सोपे नव्हते. राजकन्या तुरांदोत लग्नाला आलेल्या प्रत्येक राजपुत्राला तीन कोडी घालते आणि जो चुकेल त्याचे डोके उडवते, इथपर्यंत मामा शांत होते. राजपुत्र कालाफवर जीव टाकणारी ल्यू नावाची दासी त्याच्यासाठी प्राण देते आणि तो तरीही राजकन्येशीच लग्न करतो, हे ऐकल्यावर त्यांनी माझ्याकडे असे पाहिले की जणू ही गोष्ट मीच रचली होती. ल्यूच्या मृत्यूनंतरचा शेवट पुच्चिनीलाही पुरा करता आला नाही, तो १९२४ साली वारला आणि उरलेला भाग फ्रांको अल्फानोने लिहिला, अशी मी माझी बाजू मांडली. १९२६ साली मिलानच्या ला स्काला नाट्यगृहातल्या पहिल्या प्रयोगात संगीत संचालक तोस्कानिनीने पुच्चिनीचे लिखाण संपते तिथेच छडी खाली ठेवली, हेही सांगितले. “त्यालासुद्धा पुढचं पटलं नसणार,” मामा म्हणाले. समीक्षेची जाडजूड पुस्तके वाचूनही इतका नेमका निष्कर्ष माझ्या हाती लागला नव्हता.

खरा तंटा पेटला तो प्रकाशयोजनेवरून. झांग यांना रंगमंच लख्ख उजळलेला हवा होता, कारण पारंपरिक चिनी रंगभूमीवर असाच उजेड असतो आणि मिंग राजघराण्याच्या काळाच्या धर्तीवरच्या वेशभूषेचे रंग दिसायचे तर अंधार उपयोगाचा नाही. इटालियन प्रकाशयोजनाकार ग्विदो लेवी यांना सावल्या हव्या होत्या, गूढता हवी होती. माहितीपटातला हा सर्वांत रंगलेला भाग आहे, कारण दोघेही आपापल्या जागी बरोबर आहेत आणि दोघांनाही ते ठाऊक आहे.

नेमक्या त्याच वेळी आमच्याकडे पत्नीला दिवा मालवून पाहायचे होते आणि मामांना दिवा लावून. पत्नी लेवींच्या पक्षात गेली. “भरतकाम करणाऱ्यांनी डोळे फोडले ते काय अंधारात ठेवायला?” असे म्हणत मामांनी झांग यांची बाजू घेतली. झुबिन मेहतांनी उठून दिव्याचे बटण दाबावे, अशी अपेक्षा त्यांच्याकडून कोणी केली नसेल. ते भाग्य माझे. बोलणे चालू असताना दिवा, गाणे सुरू झाले की अंधार, असा तोडगा निघाला आणि मी भिंतीपाशी उभा राहिलो. तिथून खालची ओळ वाचता येत नव्हती, त्यामुळे पुढचे भाषांतर सर्वस्वी माझ्या प्रतिभेवर अवलंबून राहिले.

अंधार असताना मामांनी कोड्यांची उत्तरे विचारली. पहिल्याचे उत्तर आशा, दुसऱ्याचे रक्त आणि तिसऱ्याचे खुद्द तुरांदोत, असे मी बटणावर बोट ठेवूनच सांगितले.

“म्हणजे स्वतःचंच नाव?” मामा म्हणाले. “मग त्या आधीच्या राजपुत्रांची डोकी उडाली त्यात फारसं नुकसान झालं नाही.”