‘अज्ञात कलाकार’ म्हणे!

आज सकाळी शाळेच्या ग्रुपवर ‘एक चिडिया, अनेक चिडिया’चा व्हिडिओ आला. खाली ओळ: ‘दूरदर्शनच्या सुवर्णकाळातील अज्ञात कलाकारांची भेट’. त्यावर धडाधड हात जोडलेले, बदाम टाकलेले. डोकंच फिरलं माझं.

अज्ञात कसले? जाळ्यात अडकलेल्या चिमण्या एकजुटीनं जाळंच घेऊन उडतात, ती कार्टून फिल्म विजया मुळे यांची. ‘एक अनेक और एकता’, १९७४. त्या वर्षीचं शैक्षणिक चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक तिला मिळालं होतं.

माझी मावशी माणदेशात जिल्हा परिषदेच्या शाळेवर होती. शाळेत टीव्ही कुठला! तिने ती फिल्म कोणाच्या तरी घरी पाहिली आणि दुसऱ्या दिवशी जुनं लुगडं घेऊन वर्गात गेली. लुगडं म्हणजे जाळं, पोरं म्हणजे चिमण्या. चारी बाजूंनी धरून सगळी एकदम पळाली तर जाळं हलतं, एकटा पळाला तर धाडकन पडतो. एकवचन-अनेकवचन असं शिकलेली पोरं आज पोरंबाळंवाली झालीत.

शिकवणं हा विजयाबाईंचा ध्यास होता, असं मला वाटतं. जन्म मुंबईचा, १९२१ चा. लग्नानंतर पाटणा, पुढे शिक्षणशास्त्र शिकायला इंग्लंडात लीड्स, मग दिल्लीत शिक्षण मंत्रालयात नोकरी. १९५९ मध्ये फिल्म सोसायट्यांचा, म्हणजे चांगले सिनेमे एकत्र पाहणाऱ्या मंडळांचा, महासंघ झाला, सत्यजित राय अध्यक्ष, आणि सहसचिवांत या बाई. सेन्सॉर बोर्डात काम केलं. कलकत्त्यात असताना हुगळीत समुद्राची भरती भिंतीसारखी उलटी चढते, त्यावर ‘द टायडल बोअर’ केली. नदीवरची फिल्म करणारी बाई पुढे लहान मुलांसाठी चिमण्यांची गोष्ट सांगते! १९७५ मध्ये उपग्रहावरून खेड्यांत टीव्ही पोचवायचा ‘साइट’ प्रयोग झाला, सहा राज्यांतली सुमारे २४०० गावं. त्यातल्या मुलांच्या कार्यक्रमांतही बाई होत्याच. आपला महाराष्ट्र त्या सहांत नव्हता, त्यामुळे मावशीच्या वाट्याला लुगडंच.

आता कोणीतरी म्हणेल, फिल्म एकट्याची नसते. मान्य. ॲनिमेशन भीमसैन यांचं, संगीत आपल्या वसंत देसाईंचं. मग घ्या ना त्यांचीही नावं! आपण कोणाचंच घेत नाही. हिरोच्या तिसऱ्या सिनेमाचा कॅमेरामन पाठ असतो, पण माहितीपट म्हटला की तो जणू सरकारच्या कपाटातून आपोआप बाहेर पडतो.

लिहिता लिहिता राग उतरला खरा. मघाशी मावशीला फोन केला, नाव सांगितलं. म्हणाली, “अगं, मराठी बाई होती होय! आधी ठाऊक असतं तर पोरांना सांगितलं असतं.” तिला नाव कळायला आयुष्य जावं लागलं, याचं वाईट वाटतं.

बाई थांबल्या नाहीत. परदेशी सिनेमांनी भारत कसा दाखवला यावरचं त्यांचं जाडजूड पुस्तक २०१० मध्ये आलं, नव्वदीच्या उंबरठ्यावर! २००२ मध्ये व्ही. शांताराम जीवनगौरव पुरस्कार मिळाला. सगळे त्यांना अक्का म्हणत. २०१९ मध्ये गेल्या, आणि आपल्याकडे किती जणांना ते कळलं?

पुण्या-मुंबईत लघुपट महोत्सव भरवणाऱ्या माझ्या मित्रमैत्रिणींनो, एक संध्याकाळ अक्कांच्या फिल्म लावा. हुगळीपासून चिमण्यांपर्यंत. मावशीला माणदेशातून आणायची जबाबदारी माझी.